बहिणीच्या खोलीचं भाडं

कुरुंदा, ता. वसमत
९ जुलै २०००

प्रिय हरिचंद,

तुझं पत्र आणि त्यासोबतचं सात पानी परिपत्रक, दोन्ही पोचली. पत्र एका बैठकीत वाचलं. परिपत्रकाला चार दिवस लागले.

आधी मला नीट कळलंय का ते बघ. चोवीस वर्षं फौजेत काढून तू गेल्या साली हवालदार म्हणून निवृत्त झालास आणि गोरेगावजवळच्या तुमच्या तांड्यावर परतलास. वर्षभरातच शेत रुख्मिणीवहिनींच्या गळ्यात घालून, चव्वेचाळिसाव्या वर्षी, हिंगोलीच्या कॉलेजात बी.ए.च्या पहिल्या वर्षाला बसलास. गोजरबाई नावाच्या विधवा बाईंच्या घरामागची खोली भाड्यानं घेतलीस. आणि वीरजन शिक्षण साहाय्य मंडळ नावाची संस्था शिकणाऱ्या माजी सैनिकाला खोलीचं भाडं देते, अशी बातमी तुला एस.टी.त लागली. वर मला लिहितोस, 'मास्तर, तू संस्कृत शिकवतोस, तुला अवघड लिहिलेलं कळतं.' अरे, संस्कृत लिहिणाऱ्याची निदान एवढी इच्छा असे की वाचणाऱ्याला कळावं.

आमच्याकडे कुठलंही शास्त्र उघडलं की आधी चार गोष्टी पाहतात. हे कुणासाठी, कशाविषयी, दोन्हींचा संबंध काय आणि प्रयोजन काय. तुझ्या परिपत्रकानं पहिल्या तिन्हींना सात पानं दिली आहेत. चौथं मला सापडलं नाही.

तरी सार सांगतो. वर्गात बसून शिकणाऱ्याला पूर्ण भत्ता, बाहेरून परीक्षा देणाऱ्याला निम्मा; त्यानं बहुधा निम्म्या खोलीत राहायचं. दर कॉलेजच्या गावाप्रमाणे. हिंगोली गेल्या वर्षी जिल्ह्याचं ठिकाण झालं, पण मंडळाच्या तक्त्यात अजून तालुकाच आहे. म्हणजे तुला भत्ता तालुक्याचा आणि भाडं जिल्ह्याचं. दिवाळीच्या आणि उन्हाळ्याच्या सुट्टीत भत्ता बंद, कारण सुट्टीत विद्यार्थ्याला छप्पर लागत नाही असं मंडळाचं निरीक्षण दिसतं. दर महिन्याला घरमालकाच्या हातची पावती जोडायची. आणि कलम अकरा : घरमालक अर्जदाराचा नातेवाईक नसावा. तेवढं एक कलम तुला निर्धोक आहे. तू आडे, बाई मराठ्यांच्या. तुमचं नातं जुळवायला ब्रह्मदेवालाही रजा टाकून बसावं लागेल.

एक विचारतो, रागावू नकोस. या वयात बी.ए. होऊन करणार काय? दारावर पाटी लावणार? 'ह. आडे, हवालदार (निवृत्त), बी.ए. (प्रवृत्त)'?

तुझा,
रंगनाथ पुराणिक


हिंगोली
२१ जुलै २०००

रंगनाथ मास्तर,

राम राम. अर्ज भरून टाकला. तू सांगितलं तसा, बराबर, तीन प्रतीत.

पाटीबिटी लावायची न्हाई. काहून शिकून राहिलो ते मंग सांगतो. सध्या एवढं ध्यानात ठेव की ही खोली टिकली पायजे. खोली गेली की समदं गेलं. पेन्शनीत तांड्यावरचं घर चालतं, हिंगोलीचं न्हाई.

कॉलेजचं सांगतो. पहिल्या दिवशी वर्गात शिरलो तर समदी पोरं उभी राहिली. त्यांना वाटलं सर आले. ती उभी राहिली म्हणून मी बी सावधान झालो. मंग खरे सर आले. त्यांना वाटलं कुणी तपासणीला आलंय, ते बी दारात उभे. शेवटी मीच 'विश्राम' म्हणलं तवा समदे बसले.

मिना संग आहे, आमची थोरली. त्याच्यामुळं खाण्यापिण्याची तकलीफ न्हाई. मालकीणबाई बोलायला तिखट पण माणूस चांगलं. सकाळी माझ्याआधी उठती अन् मी उठलो का बघायला कडी वाजवती. फौजेत बिगुल होता, तो बरा होता.

तुझा,
हरिचंद


कुरुंदा
३० जुलै २०००

हवालदारसाहेब,

पत्र वाचून हसलो आणि मग हसणं थांबलं. दहावी झालेल्या लेकीला तू हिंगोलीला नेलंस, आणि कशाला, तर बापाला कॉलेजातून आल्यावर गरम भाकरी मिळावी म्हणून? जुन्या काळी शिष्य गुरूच्या घरी लाकडं फोडून शिकत. लेकीकडून स्वयंपाक करवून घेऊन शिकल्याचं उदाहरण माझ्या वाचनात नाही. हौस तुझी, धूर तिच्या डोळ्यात.

मी हे मित्र म्हणून लिहितो आहे. मास्तर म्हणून लिहिलं असतं तर याहून वाईट लिहिलं असतं.

रंगनाथ


हिंगोली
१० सप्टेंबर २०००

मास्तर,

महिनाभर तुला लिहिलं न्हाई. रागात होतो. आता सांगतो.

भाकरी मी थापतो. चोवीस वर्षं लंगरचं खाल्लं, त्यातली दोन वर्षं लंगरमधीच होतो. मिना अकरावीला आहे, सायन्सला. ती वाचती, मी भाजतो, म्हणून तकलीफ न्हाई लिहिलं होतं.

आमच्या तांड्यातली एक बी पोरगी दहावीच्या पुढं गेली न्हाई. मी मिनाचं काढलं तर देविदास नाईक म्हणले, पोरगी एकटी शहरात ऱ्हाणार न्हाई. बाप संग असंल तर आमी बोलत न्हाई. नाईक म्हणले की तांड्यात ते शेवटचं. बरं, बाप नुसता खोलीत बसून राहिला तर लोक म्हणणार, हवालदार पेन्शनीवर पोरीची राखण करून राहिला. म्हणून मीच कॉलेजात नाव घातलं. मला बी.ए.चं काही पडलेलं न्हाई. तिची दोन वर्षं निघाली पायजे, बास.

आता चांगली खबर. औंदा राखी अन् पंधरा ऑगस्ट एकाच दिवशी आले. मी मेडल लावून झेंड्याला गेलो. परत आलो तर गोजरबाई दारात ताट घेऊन. म्हणाली, 'माझ्या पाठीवर कुणी न्हाई. छातीवर एवढं पितळ लावून फिरतोस, मनगट मोकळं बरं दिसतं व्हय?' अन् बांधली राखी.

मंग एक तारखेला भाडं द्यायला गेलो तर अंगावर आली. 'भावाकडून भाडं घेऊ? माझ्या तोंडात शेण घाल त्यापरीस!' लई विनवलं. शेवटी मीच तोड काढली. एक तारखेला तिनं ओवाळायचं, मी तेवढेच पैसे ताटात टाकायचे. आता दर महिन्याला आमची भाऊबीज.

पावती तिनं सोत्ताच्या हातानं लिहिली. चौथी शिकलेली आहे. 'माझे बंधू हरिचंद आडे यांनी भादव्याची ओवाळणी दिली ती पावली.' खाली सही. तीच मंडळाला पाठवून दिली.

हरिचंद


कुरुंदा
१६ सप्टेंबर २०००

प्रिय हरिचंद,

मिनाविषयी जे लिहिलं ते परत घेतो. माझ्या हातून असा अर्थाचा अनर्थ विद्यार्थ्यांच्या वह्यांतही होत नाही. तिला माझे आशीर्वाद सांग, आणि मी काय लिहिलं होतं ते सांगू नकोस.

आता तुझ्या चांगल्या खबरीविषयी. त्या सात पानांत सतरा खड्डे होते. सोळा तुझ्या वाटेत होते, ते तू चुकवलेस. सतरावा वाटेपासून कोसभर लांब होता, तिथं तू चालत गेलास, मेडल लावून. अरे, कलम अकरा! नातेवाईक नसावा! ब्रह्मदेवाला जे जमलं नसतं ते बाईंनी एका धाग्यात केलं आणि तू त्याचा पुरावा, सहीनिशी, रजिस्टर पोस्टानं पाठवलास.

मंडळाचे लोक तुमचं काहीही वाचत नसतील, एवढीच आता आशा आहे. सहसा ती फोल ठरत नाही.

रंगनाथ


हिंगोली
१५ ऑक्टोबर २०००

मास्तर,

वाचलं त्यांनी.

मंडळाचं पत्र आलं. 'घरमालकीण ही अर्जदाराची भगिनी असल्याचे तिच्याच पावतीवरून दिसून येते. तसे नसल्यास, आपण परस्परांचे भाऊबहीण नाही असे प्रतिज्ञापत्र दोघांनी तीस दिवसांत सादर करावे.'

मी म्हणलं, सोपं आहे. अक्काला घेऊन तहसीलसमोर गेलो. टायपिंगवाल्यानं स्टँपपेपरवर मजकूर काढला. मी सही केली. पेन तिच्या हातात दिलं तर म्हणती, 'काय लिवलंय?'

'आपुन भाऊबहीण न्हाई म्हणून.'

'कोण म्हणतं?'

'आपुन दोघं.'

'मी कवा म्हणलं?'

'अक्का, नुसतं कागदापुरतं.'

'कागदापुरतं म्हणं! उद्या कागदापुरतं म्हणशील, अक्का मेली. माझ्या हातानं बांधलं ते माझ्याच हातानं खोटं लिवू?'

टायपिंगवाला म्हणला, 'बाई, सरकारी काम आहे, देवाला काय कळतंय.' त्याच्यावर फिरली. 'देवाचं जाऊ दे. तुला बहीण हाय का? हाय ना? मंग तिच्या घरी जाऊन आधी ह्याच्यावर सही करून ये.' त्यानं टाइपरायटरवरचे हात काढले.

मंग त्यालाच म्हणाली, 'पैसे घेतलेत ना? दुसरा कागद लाव. लिव, आमी भाऊबहीण हाओत.' त्यानं गुमान लिहिलं. तिनं सही केली, माझी बी घेतली. काय करू मास्तर, पुढ्यात उभी होती. पाकिटात घालून तिनंच पोस्टात टाकलं.

आता काय करायचं सांग.

हरिचंद


कुरुंदा
२० ऑक्टोबर २०००

प्रिय हरिचंद,

मंडळानं शपथेवर खोटं मागितलं आणि बाईंनी शपथेवर खरं दिलं. असा अर्जदार कुठल्याही कचेरीला परवडत नाही. नकार येणार हे धरून चाल.

तू आता काही करू नकोस. विशेषतः काही लिहू नकोस आणि बाईंना पोस्टाच्या आसपास जाऊ देऊ नकोस. चौदा वर्षं मी मुलांना पूर्वपक्ष खोडून काढायला शिकवतो आहे. पुढचं माझ्यावर सोड.

रंगनाथ


हिंगोली
१२ नोव्हेंबर २०००

मास्तर,

नामंजूर. कागद काल आला, गोल शिक्क्यासकट.

तिकडं सोयाबीन काढून पडलंय, रुख्मिणी एकटी. नाईकांचा निरोप आला, शिकून झालं असंल तर पोरीला घेऊन ये. अक्का म्हणती, ओवाळणी बी देऊ नको, फुकट ऱ्हा. पण भाड्याचं सोड, मी इथं बसलो तर शेत कोण बघंल? अन् मी न्हाई तर मिना न्हाई.

रविवारी सामान जीपमधी टाकून गोरेगावला निघतो. मिनानं तिची पिशवी भरली. फिजिक्सचं पुस्तक पिशवीत समद्यात वर ठेवलं, एवढंच.

हरिचंद


कुरुंदा
२८ जानेवारी २००१

प्रिय हरिचंद,

दोन महिने झाले, तुझी ओळ नाही. मी दोन पत्रं तांड्यावर पाठवली, ती गोरेगावच्या पोस्टात आराम करत असावीत. तू खचला असशील हे मी समजू शकतो. म्हणून हे पत्र उभ्यानं वाचू नकोस, खाली बस.

आपण जिंकलो.

तुझा नकार कळला त्याच आठवड्यात मी तुझ्या वतीनं अपील ठोकलं होतं. तुला विचारलं नाही, कारण तू बाईंना विचारलं असतंस. पत्ता माझाच दिला. साडेतीन पानांचं अपील, आणि सांगायला संकोच वाटतो, पण सुरेख झालं होतं. आपल्या कळमनुरीच्या शाळेतून तुझ्या दाखल्याची नक्कल काढली. पहिल्याच परिच्छेदात सिद्ध केलं की अर्जदार जातीनं बंजारा, घरमालकीण जातीनं मराठा. सबब दोघं एका आईच्या पोटची असणं असंभव. पुढं कुळ, गाव, आडनाव, दोघांच्या आयांची नावं. राखीनं जडलेलं नातं हे औपचारिक, मानलेलं, म्हणून कलम अकराच्या कक्षेबाहेर. शेवटी बाईंचं प्रतिज्ञापत्र म्हणजे 'भावनेच्या भरात केलेलं अलंकारिक विधान'.

मंडळानं शब्द न शब्द मान्य केला! 'उभयतांच्या जाती भिन्न असल्याने भाऊबहिणीचे नाते संभवत नाही हे या कार्यालयास पटले आहे.' भत्ता जुलैपासून मागचा सगळा. तू फक्त वर्गात परत जायचं आणि सोबतच्या कागदावर सही करायची. पंधरा दिवसांनी निर्णयाची एक प्रत ते तुझ्या ग्रामपंचायतीला माहितीसाठी पाठवणार आहेत. म्हणजे तांड्यात चावडीवर वाचलं जाईल. मिनाची पिशवी भरायला सांग.

तुझा, आणि या घटकेला स्वतःवर जरा जास्तच खूश असलेला,
रंगनाथ


तांडा, गोरेगाव
३ फेब्रुवारी २००१

मास्तर,

तुझं पत्र आज मिळालं. थांबव ते. हात जोडतो, आजच्या आज थांबव.

मी लिहिलं न्हाई ती चूक माझी. कामात बुडलो होतो अन् जरा लाजलो बी होतो, कारण कॉलेज सोडलं. पण मिना हिंगोलीलाच आहे. तू नीट वाच, काय झालं ते.

त्या रविवारी जीप तांड्यावर आली तर नाईक अन् चार माणसं लिंबाखाली बसलेली. नाईक म्हणले, 'काय हवालदार, सरकारनं काय दिलं?' मी म्हणलं, काही न्हाई, हे बघा. अन् नामंजुरीचा कागद रागारागानं वाचून दाखवला. 'घरमालकीण श्रीमती गोजरबाई ही अर्जदाराची सख्खी भगिनी असल्याचे दोघांच्या प्रतिज्ञापत्रावरून सिद्ध होते.'

नाईक म्हणले, 'परत वाच.'

परत वाचलं.

'सख्खी म्हणून लिवलंय?'

'व्हय.'

'शिक्का?'

'गोल.'

कागद हातात घेतला, शिक्क्यावर अंगठा फिरवला. बाकीच्यांकडं बघून म्हणले, 'मंग ही पोरगी आत्याच्या घरी होती म्हणा की. आत्याच्या घरी लेकरू ठेवायला बाप काहून बसून राहिला तिथं? अन् आमाला काहून विचारून राहिला?'

मी तोंड उघडणार होतो. रुख्मिणीनं मागून असा चिमटा काढला की मी बोललोच न्हाई.

सोमवारच्या पहिल्या जीपनं मिना परत गेली. एकटी. आत्याकडं. अक्का भाड्याचं नाव काढू देत न्हाई, नुसती कडी वाजवून तिला पहाटे अभ्यासाला उठवती. आता नाईकांच्या भावाची पोरगी दहावीला आहे. तो मला काल विचारत होता, हवालदार, तुमच्या बहिणीकडं अजून एक खाट मावंल का?

अन् तुझा कागद ग्रामपंचायतीत वाचला गेला की सरकारच म्हणणार, बहीण न्हाई. दुसऱ्या दिवशी मिना घरी. दुसऱ्या पोरीचं तर नावच नको.

अजून एक सांगतो, तुला झोंबंल. अक्कानं राखी बांधताना माझी जात विचारली न्हाई. चौथी शिकलेली बाई. तू एवढा शिकलेला, माझ्या भल्यासाठीच लिहिलंस, मला माहीत आहे. पण पयल्याच ओळीत जात लिहिलीस, अन् लिहिताना तुला वाटलं, सुरेख झालं.

अपील तू केलंस. आता तूच हर.

हरिचंद


कुरुंदा, ता. वसमत
६ फेब्रुवारी २००१

प्रति,
मा. कार्यवाह,
वीरजन शिक्षण साहाय्य मंडळ, विभागीय कचेरी

विषय : श्री. हरिचंद आडे यांच्या वतीने केलेले अपील मागे घेण्याबाबत.

महोदय,

आपल्या दि. १९ जानेवारीच्या निर्णयाने सदर अपील मान्य झाल्याचे समजले. त्याबद्दल आपली क्षमा मागण्यासाठी हे पत्र.

अपील मी केले होते. त्यातील प्रत्येक विधान खरे आहे आणि त्यातून काढलेला निष्कर्ष चूक आहे. असे केव्हा होते हे मी गेली चौदा वर्षे शाळेत शिकवतो. ते स्वतःच्या लिखाणात ओळखू येत नाही, हे या प्रकरणी शिकलो. जाती भिन्न असल्याने दोन माणसांत बहीणभावाचे नाते संभवत नाही, हा युक्तिवाद मी अर्जदारास न विचारता केला. तो आपल्या कार्यालयास एकाच वाचनात पटला, तेव्हाच मला त्याचा संशय यावयास हवा होता.

वस्तुस्थिती अशी की श्रीमती गोजरबाई या श्री. आडे यांच्या सख्ख्या भगिनी आहेत. याचा पुरावा म्हणून दोघांचे प्रतिज्ञापत्र आपल्या दप्तरी आहे. संपूर्ण प्रकरणात शपथेवर दिलेला तेवढा एकच कागद आहे आणि तेवढाच आपण नंतर अलंकारिक ठरवला. अलंकार हा माझ्या शिकवण्याचा विषय आहे. त्या कागदात एकही नाही.

अर्जदाराने महाविद्यालय सोडले आहे, त्यामुळे त्यास भत्ता देय नाही. त्याची कन्या शिकत आहे. तिला आपल्या परिपत्रकात स्थान नाही, त्यामुळे तिच्याबद्दल आपली हरकत असण्याचेही कारण नाही. खोली आत्याची असल्याने भाड्याचा प्रश्न उद्भवत नाही. मंडळाचा पैसा वाचतो, कलम अकरा अबाधित राहते, आणि आपल्या लिपिकाने ऑक्टोबरात घेतलेली हरकत सर्वस्वी योग्य होती असे सिद्ध होते. इतके समाधान एका प्रकरणातून क्वचितच मिळत असेल.

तरी निर्णयाची प्रत ग्रामपंचायतीस कृपया पाठवू नये. पाठवली असल्यास परत मागवावी. आणि अर्जदारावर नोव्हेंबर महिन्यात आपण केलेला अन्याय शिक्क्यासह जसाच्या तसा कायम ठेवावा, ही नम्र विनंती.

आपला विश्वासू,
रंगनाथ पुराणिक